‘प्रोजेक्ट झॉम्बॉइड’चा सँडबॉक्स : खेळ किती अवघड असावा, हे ठरवताना

जगण्याची धडपड हाच विषय असलेल्या बहुतेक व्हिडिओ गेममध्ये अवघडपणा जिन्यासारखा मांडलेला असतो. खालच्या पायरीवर सोपे, मधे मध्यम, वर कठीण. खेळाडूने सुरुवातीला एक पायरी निवडायची आणि शेवटपर्यंत तिथेच उभे राहायचे. ‘सबनॉटिका’मध्ये सर्व्हायव्हल, फ्रीडम, हार्डकोअर आणि क्रिएटिव्ह असे चार ठरावीक प्रकार आहेत, आणि त्या खेळाला ते पुरतातही. ‘प्रोजेक्ट झॉम्बॉइड’मध्येही अपॉकॅलिप्स, सर्व्हायव्हर आणि बिल्डर असे तीन तयार प्रकार दिलेले आहेत, परंतु त्यांच्या शेजारी ‘सँडबॉक्स’ नावाचा जो पर्याय आहे, त्यात ही जिन्याची कल्पनाच मोडीत निघते. तिथे अवघडपणाचे शेकड्याच्या घरातले लहानलहान भाग सुटे करून खेळाडूच्या हाती दिलेले आहेत. दीर्घकाळ हा खेळ खेळल्यानंतर माझे मत असे झाले आहे की हा सेटिंगचा पडदा म्हणजे खेळाचा अर्धा भाग आहे, आणि त्याचे स्वतंत्र परीक्षण व्हायला हवे. म्हणून या लेखात खेळातील चित्रे, आवाज किंवा लढाई यांविषयी मी फारसे लिहिणार नाही.

‘द इंडी स्टोन’ या स्वतंत्र स्टुडिओने तयार केलेला हा खेळ नोव्हेंबर २०१३ मध्ये स्टीम या ऑनलाइन दुकानात अर्ली ॲक्सेसमध्ये, म्हणजे पूर्ण होण्याआधीच विक्रीला आला. डिसेंबर २०२१ मध्ये त्याचे ४१ वे बिल्ड, म्हणजे आवृत्ती, स्थिर स्वरूपात आले आणि त्याबरोबर लुईव्हिल हे मोठे शहर नकाशात जोडले गेले. माझे निरीक्षण याच बिल्डवर आधारलेले आहे. खेळ अमेरिकेतील केंटकी राज्यात घडतो आणि मूळ सेटिंगनुसार ९ जुलै १९९३ रोजी सुरू होतो. मलड्रॉ, वेस्ट पॉइंट, रोझवुड किंवा रिव्हरसाइड यांपैकी एका गावी आपण एकटेच उरलेलो असतो आणि बाहेर रस्त्यावर झॉम्बी, म्हणजे माणसांना चावणारी चालती प्रेते, फिरत असतात. जिंकण्याची सोय या खेळात नाही. केव्हातरी मरण ठरलेले आहे, आणि तोवर कसे जगायचे एवढेच आपल्या हाती आहे. शेवट आधीच ठाऊक असल्यामुळे, तो कोणत्या वाटेने यावा हे ठरवण्याला, म्हणजेच सेटिंगला, इथे असाधारण महत्त्व येते.

नवा खेळाडू साहजिकच सर्वांत आधी झॉम्बींच्या संख्येला हात लावतो. मीही तेच केले होते. संख्या अगदी कमी केली आणि निश्चिंतपणे गावातून फिरू लागलो. पण चार-पाच दिवसांतच खेळ ओस पडला. औषधांच्या दुकानात शिरताना छाती धडधडेना, अवजारांचे गोदाम म्हणजे केवळ सामानाची यादी झाले, आणि जे मिळत होते त्याला काही मोलच उरले नाही. संख्या हा या खेळातील धोक्याचा एक घटक आहे हे खरे, पण वस्तूंना किंमत देणारा घटकही तोच आहे. डबाबंद अन्नाचा एक डबा मौल्यवान ठरतो, कारण तो ज्या स्वयंपाकघरात आहे तिथवर जाणे धोक्याचे असते. धोका काढून टाकला की लूटही, म्हणजे घरा-दुकानांत सापडणारे सामानही, आपोआप पोकळ होते. म्हणून खेळ सोपा करण्यासाठी संख्या कमी करायचीच असेल, तर त्याच बैठकीत लूटही विरळ करावी लागते. सेटिंगच्या पडद्यावर ही दोन कलमे वेगवेगळ्या पानांवर आहेत, पण प्रत्यक्ष खेळात ती एकमेकांना बांधलेली आहेत.

संख्येच्या मुख्य कलमाखाली प्रगत सेटिंगचा एक विभाग आहे, आणि बहुसंख्य खेळाडू त्याकडे वळतच नाहीत. खरा मसुदा तिथे दडलेला आहे. मूळ आकड्यांनुसार सुरुवातीचा गुणक १.० असतो, शिखराचा गुणक १.५ असतो आणि शिखर २८ व्या दिवशी गाठले जाते. म्हणजे पहिल्या चार आठवड्यांत झॉम्बींची संख्या दीडपट होत जाते. आपण घर बंदिस्त करण्यात, पाणी साठवण्यात गुंतलेलो असतो आणि त्याच वेळी बाहेरचे जग हळूहळू दाटत असते. हा चढ मला या खेळाच्या रचनेतील सर्वांत विचारपूर्वक केलेला भाग वाटतो. सुरुवातीचा गुणक अर्ध्यावर आणून शिखराचा गुणक आणखी वाढवला आणि शिखराचा दिवस लांबवला, तर पहिला महिना शिकण्यासाठी मोकळा मिळतो आणि त्यानंतरचा काळ अत्यंत कठोर होतो. ज्यांना पहिल्याच दिवशी मरण्याचा कंटाळा आला आहे, पण सोपा खेळ नको आहे, त्यांना मी निःशंकपणे हीच मांडणी सुचवेन.

त्याच विभागात झॉम्बी पुन्हा उगवण्याचे तीन आकडे आहेत : ७२ तास, १६ तास आणि ०.१. त्यांचा अर्थ असा की एखादा भाग १६ तास आपल्या नजरेआड राहिला, तर तिथे दर ७२ तासांनी अपेक्षित संख्येच्या एक दशांश इतके झॉम्बी पुन्हा येऊ शकतात. हिशेब केला तर पूर्ण रिकामी केलेली वस्ती साधारण तीस दिवसांत पुन्हा भरते. हे तास शून्य केले की नव्याने कोणी उगवत नाही, आणि मारलेला प्रत्येक झॉम्बी कायमचा कमी होतो. या एका बदलाने खेळाचा हेतूच पालटतो. पुन्हा उगवणे चालू असताना आपण भरतीच्या पाण्याला बांध घालत असतो. ते बंद केल्यावर आपण प्रदेश परत मिळवत असतो. दोन्ही प्रकारांत रस आहे, परंतु माझा कल दुसऱ्याकडे आहे. आठवडाभर राबून एक गल्ली मोकळी केली, तर ती मोकळीच राहावी असे मला मनापासून वाटते. आणि तसे असेल तर मूळ संख्या चढी ठेवण्याचे धैर्यही येते. संख्या भरपूर आणि पुनरागमन शून्य, ही जोडी ‘संख्या मध्यम आणि पुनरागमन चालू’ या जोडीपेक्षा पहिल्या महिन्यात कितीतरी अवघड असते, पण त्यानंतर ती श्रमाचे फळ देते.

आता ज्या सेटिंगकडे सर्वांत कमी लक्ष जाते आणि जिचा परिणाम सर्वांत खोल असतो, तिच्याकडे येतो. ती म्हणजे दिवसाची लांबी. मूळ सेटिंगमध्ये खेळातला एक पूर्ण दिवस खऱ्या एका तासात संपतो. हे कलम सोयीसाठी दिलेले आहे, अवघडपणाशी त्याचा संबंध नाही, असा समज पहिल्यांदा पडदा पाहताना होतो. तो पूर्णपणे चुकीचा आहे. आपले चालणे, लढणे, दार फोडणे, पिशवी भरणे ही कामे खऱ्या वेळेने चालतात, तर भूक, तहान, झोप, अन्नाचे नासणे, पिकांची वाढ आणि झॉम्बींचे पुन्हा उगवणे हे सगळे खेळातल्या घड्याळाने चालते. दिवस दोन तासांचा केला की त्याच एका जेवणावर आपण दुप्पट अंतर चालतो आणि दुप्पट घरे धुंडाळतो. वीज जाण्याच्या आत दुप्पट कामे उरकतात, आणि तीस दिवसांत भरणारी वस्ती आपल्या श्रमांच्या मानाने निम्म्या वेगाने भरते. म्हणजे एकाही झॉम्बीला किंवा एकाही डब्याला हात न लावता जवळजवळ सगळा खेळ सैल होतो. याउलट दिवस अर्ध्या तासाचा केला तर गावाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन येईपर्यंत अंधार पडतो आणि भूक सतत पाठीस लागते. लांब दिवसाबरोबर रात्रही लांबते आणि पेरलेले उगवायला खऱ्या वेळेत अधिक काळ लागतो हे खरे असले, तरी एकूण तोल खेळाडूकडेच झुकतो. मी स्वतः दिवस दोन तासांचा ठेवतो, परंतु त्याची भरपाई म्हणून अन्नाची लूट दोन पायऱ्या खाली आणतो. तसे न केल्यास भूक हा विषय खेळातून जवळपास नाहीसा होतो.

लुटीची विभागणीही तपशीलवार आहे. ताजे अन्न, डबाबंद अन्न, हातातली शस्त्रे, बंदुका, काडतुसे, औषधे, यांत्रिक सामान, पुस्तके असे वेगवेगळे गट आहेत आणि प्रत्येक गटासाठी ‘अजिबात नाही’पासून ‘मुबलक’पर्यंत पायऱ्या आहेत. सगळे गट एकाच पायरीवर ठेवणे ही सर्वसाधारण सवय मला चुकीची वाटते. टंचाई कोणत्या वस्तूची आहे, यावरून खेळाची जात ठरते. काडतुसे दुर्मीळ आणि अन्न पुरेसे असेल तर खेळ लपतछपत वावरण्याचा होतो. अन्न दुर्मीळ आणि अवजारे मुबलक असतील तर तोच खेळ शेती, मासेमारी आणि रानातून अन्न गोळा करण्याकडे वळतो. पुस्तकांचा गट विशेष जपून हाताळावा, कारण कौशल्ये वाढण्याचा वेग त्यावर अवलंबून असतो, आणि जनरेटर चालवण्याची माहिती देणारे मासिकही त्याच गटात येते. इलेक्ट्रिशियनचा पेशा निवडलेल्या पात्राला ही माहिती आधीच असते. बाकीच्यांना ते मासिक शोधून वाचल्याशिवाय जनरेटर जोडता येत नाही. पुस्तके ‘अत्यंत दुर्मीळ’ करून टाकणाऱ्या खेळाडूला शीतकपाट बंद पडल्यानंतरच आपण काय केले ते उमगते.

वीज आणि पाणी यांच्या बाबतीत मूळ सेटिंग शून्य ते तीस दिवसांच्या दरम्यान कधीतरी पुरवठा तुटण्याची आहे. नेमका दिवस ठाऊक नसणे ही यातली खरी खुबी आहे, आणि म्हणून हा काळ फार लांबवू नये असे मी म्हणेन. वीज पहिल्याच क्षणी बंद करण्याचा पर्यायही आहे. वरवर पाहता त्याचा परिणाम फक्त अन्न टिकवण्यावर होईल असे वाटते, परंतु सुरुवातीच्या दिवसांत दूरचित्रवाणीवर सुतारकाम, स्वयंपाक यांसारखी कौशल्ये शिकवणारे कार्यक्रम लागतात, आणि वीज नसेल तर तेही गेले. म्हणजे एका कलमाने अन्नाबरोबर शिक्षणही महाग होते. अशा अदृश्य गाठी या सँडबॉक्समध्ये जागोजागी आहेत. त्या शोधण्यात मला मोठा आनंद मिळाला, पण त्यांची कल्पना देणारा एखादा वाक्याचा इशारा पडद्यावर असता, तर अनेक नवख्यांचे श्रम वाचले असते, हेही नोंदवायला हवे.

झॉम्बींच्या स्वभावाची सेटिंग हा या पडद्याचा सर्वांत नाट्यमय भाग आहे. त्यांचा वेग, ताकद, चिवटपणा, आकलन, स्मरण, दृष्टी आणि श्रवण या गोष्टी स्वतंत्रपणे ठरवता येतात. वेग ‘धावणारे’ असा निवडला की खेळाची भाषाच बदलते. दम लागल्यावर पळून सुटका होण्याची आशा राहत नाही आणि प्रत्येक कोपऱ्यावर थांबून कानोसा घ्यावा लागतो. धावणारे झॉम्बी नेहमीच्या संख्येने ठेवणे मला पटत नाही, कारण मग कौशल्यापेक्षा नशिबाला अधिक वाव मिळतो. संख्या अत्यंत कमी, वेग मात्र धावण्याचा, दृष्टी अधू आणि श्रवण तीक्ष्ण अशी मांडणी मी बराच काळ खेळलो, आणि ती मला आजवरच्या सर्व मांडण्यांत अधिक भेदक वाटली. रस्ता रिकामा दिसतो, पण खिडकीची काच फोडण्याआधी हात आखडतो. इथे स्मरण हे कलमही मोलाचे आहे. स्मरण लांब ठेवले तर नजरेआड झाल्यावरही पाठलाग सुटत नाही, आणि ते कमी केले तर कुंपण ओलांडून लपण्याला अर्थ येतो. ज्याला लपाछपीचा खेळ हवा आहे त्याने वेग कमी करण्यापेक्षा स्मरण कमी करावे, असे माझे ठाम मत आहे.

आवाजाचा पाठपुरावा आणि टोळीचा आकार हे दोन आकडेही याच संदर्भात पाहण्यासारखे आहेत. शेवटच्या ऐकलेल्या आवाजाच्या दिशेने झॉम्बी नकाशावरच्या किती चौकटी चालण्याचा प्रयत्न करेल, त्याचा मूळ आकडा १०० आहे. टोळीचा मूळ आकार २० आहे. टोळी लहान केली की धोका पातळ होऊन सर्वत्र पसरतो, मोठी केली की बराचसा प्रदेश शांत राहतो आणि अचानक एखाद्या वळणावर भिंतच समोर उभी ठाकते. एकूण संख्या तीच, पण भीतीचा पोत वेगळा.

संसर्गाच्या कलमांवर मात्र खेळाडूंमध्ये तीव्र मतभेद असणे स्वाभाविक आहे. मूळ नियमांनुसार ओरखड्यातून संसर्ग होण्याची शक्यता ७ टक्के, कातडी फाटलेल्या जखमेतून २५ टक्के आणि चाव्यातून १०० टक्के असते, आणि संसर्ग झालेले पात्र दोन-तीन दिवसांत मरते. अनेक तासांचे पात्र एका चाव्यात संपते, हे अनेकांना अन्यायाचे वाटते, आणि ते संसर्गच बंद करतात. मी तसे करू नये असे सुचवतो. संसर्ग बंद केला की चावा ही केवळ एक जखम उरते, आणि लढाईत अंतर राखण्याची जी शिस्त हा खेळ आपल्याला शिकवतो, तिची गरजच संपते. संसर्ग तसाच ठेवून मृत्यूचा कालावधी एक ते दोन आठवड्यांवर नेणे, हा पर्याय मला फार अधिक समृद्ध वाटतो. या खेळात एक पात्र मेल्यावर त्याच जगात नवे पात्र घेऊन पुढे जाता येते. त्यामुळे चावा बसलेल्या पात्राकडे शेवटचे काही दिवस उरतात आणि त्या दिवसांना काम मिळते : पाण्याची पिंपे भरून ठेवायची, गाडीत इंधन घालायचे, हत्यारे एका पेटीत आणि पुस्तके दुसऱ्या पेटीत लावायची, आणि घरापासून दूर जाऊन मरायचे, म्हणजे येणाऱ्या नव्या माणसाला दारातच आपल्याशी लढावे लागणार नाही. हा प्रसंग कोणत्याही लिहिलेल्या कथेतून आलेला नाही; एका कलमातला एक पर्याय बदलल्याने तो घडतो. या खेळातले माझे सर्वांत हृद्य तास हेच आहेत.

वाहनांचे इंधन, गाड्यांची अवस्था, घरांतील धोक्याच्या घंटा, हवामान, निसर्ग वस्तीवर किती लवकर चढून येतो याचा वेग, ही कलमे चवीपुरती आहेत. पहिल्या दोन-तीन खेळांत ती मूळ स्थितीत सोडली तरी चालतात. हेलिकॉप्टरची घटना मात्र निदान एकदा तरी असू द्यावी. पहिल्या आठवड्याच्या आसपास केव्हातरी ते डोक्यावर घिरट्या घालू लागते, त्याच्या आवाजाने सगळा परिसर आपल्याकडे वळतो, आणि सुरक्षित मानलेल्या घराची खरी परीक्षा होते. पात्र तयार करताना मिळणारे मोफत गुण वाढवण्याचे कलमही इथेच आहे. खेळ सोपा करण्याचा तो सर्वांत सरळ मार्ग आहे, आणि जग तसेच ठेवून फक्त स्वतःला थोडे बळ द्यायचे असेल, तर तो वापरण्यात कमीपणा मानू नये.

या पडद्याच्या मर्यादाही स्पष्टपणे सांगायला हव्यात. प्रत्येक कलमावर दिलेली टीप एका-दोन ओळींची आहे आणि ती त्या कलमापुरतेच बोलते. एका कलमाचा दुसऱ्यावर होणारा परिणाम कुठेही सांगितलेला नाही. ‘नेहमीचे’, ‘कमी’, ‘दुर्मीळ’ अशा शब्दांमागे कोणते प्रमाण आहे हे अनेक ठिकाणी खेळूनच शोधावे लागते. सर्वांत मोठी अडचण अशी की एकट्याने खेळताना, खेळ सुरू झाल्यावर ही सेटिंग नेहमीच्या मेनूतून बदलता येत नाही. पंधराव्या दिवशी लक्षात आलेली चूक निस्तरण्यासाठी मॉडचा, म्हणजे खेळाडूंनी बनवलेल्या जोडणीचा, आधार घ्यावा लागतो किंवा नवे जग सुरू करावे लागते. आपली मांडणी नाव देऊन जतन करण्याची उत्तम सोय इथे आहे, परंतु ‘द लाँग डार्क’ या खेळात जशी स्वतःची मांडणी एका छोट्या सांकेतिक ओळीत दुसऱ्याला देता येते, तशी ती इथेही असती तर खेळाडूंमधली देवाणघेवाण कितीतरी सुकर झाली असती.

एवढ्या पर्यायांपुढे नवा खेळाडू गोंधळणार, हे उघड आहे. त्याने आधी अपॉकॅलिप्स किंवा सर्व्हायव्हर या तयार प्रकारात दोन-चार वेळा मरून पाहावे, आणि प्रत्येक वेळी मरण कशाने आले हे लक्षात ठेवावे. मग सँडबॉक्समध्ये जाऊन एका वेळी दोनच कलमे बदलावीत : एक स्वतःच्या बाजूने, एक स्वतःच्या विरुद्ध. झुंडीत सापडून मरण आले असेल तर सुरुवातीचा गुणक कमी करावा आणि औषधे विरळ करावीत; उपासमारीने आले असेल तर दिवस लांबवावा आणि झॉम्बींचे श्रवण तीक्ष्ण करावे. अशा रीतीने आठ-दहा खेळांत जी मांडणी तयार होते, ती कोणत्याही तयार प्रकारापेक्षा त्या खेळाडूच्या अंगाला नीट बसते.

माझ्या सध्याच्या जगात दिवस दोन तासांचा आहे, पुनरागमन शून्य आहे, संख्या चढी आहे, ताजे आणि डबाबंद अन्न दोन्ही अत्यंत दुर्मीळ आहे आणि संसर्गानंतरचा काळ दोन आठवड्यांपर्यंत आहे. खेळ डिसेंबरमध्ये सुरू केला आहे, त्यामुळे पहिले तीन महिने थंडीचे आहेत. रोझवुडच्या अग्निशमन केंद्राभोवतीची चार घरे मोकळी झाली आहेत, दुसरे पात्र चालू आहे, आणि पहिल्याने भरून ठेवलेल्या पिंपांतले पाणी अजून पुरते आहे.